ओर्तांसने बदललेली तोंडं

ओर्तांस ब्रिदूला फोटो या वस्तूची मनापासून किळस होती, आणि तिचं उभं आयुष्य फोटोंवरच गेलं. पॅरिसातल्या आमच्या बेलव्हिलच्या चढावर, पाच जिने चढल्यावर काचेच्या छपराखाली मोस्यू फ्रेकाँचा स्टुडिओ लागायचा. तिथे कोपऱ्यातल्या टेबलाशी ती बसलेली असायची. एका डोळ्याला भिंग, हातात चार केसांचा ब्रश, आणि समोर उजेडाला टेकवलेल्या काचेवर कुणातरी वाण्याचं थोबाड. गिऱ्हाईक जिना उतरून गेलं की ती म्हणायची, "घातलं आणखी एक माकड काचेत." फ्रेकाँ ते ऐकायचा आणि न ऐकल्यासारखं करायचा, कारण त्या माकडाचा माणूस करणारी तीच होती.

किळस तिला बापाकडून मिळाली होती. एव्हारिस्त ब्रिदू हस्तिदंताच्या चकतीवर माणसं रंगवायचा. अंगठ्याच्या नखाएवढं तोंड, त्यात दोन डोळे, डोळ्यांत उजेडाचा ठिपका. बायका ते लॉकेटात घालून गळ्यात मिरवायच्या. आई लवकर गेली, तेव्हा बापाने पोरीला शेजारी स्टुलावर बसवलं आणि हातात ब्रश दिला. सतराव्या वर्षी ती बापाइतकंच बारीक काम करायला लागली होती.

त्याच वर्षी, म्हणजे अठराशे एकोणचाळीस साली, सगळं पॅरिस फोटोच्या त्या नव्या यंत्राच्या मागे खुळावलं. चष्मेवाल्यांच्या दुकानांसमोर रेटारेटी व्हायची. एव्हारिस्तही एक दिवस चांगला कोट घालून बघायला गेला, आणि परत आला तो हसत हसतच जिना चढला.

"ओर्तांस, काय बघून आलो सांगू? बुलेव्हारची तसबीर! भर दिवसाची! आणि रस्त्यावर कुत्रं नाही!"

"म्हणजे?"

"म्हणजे जो हलला तो गायब. घोडे गायब, गाड्या गायब, बायका गायब. त्या डब्याला पॅरिसची माणसंच दिसत नाहीत. मढ्यांची तसबीर काढायला ठीक आहे हो!"

त्या हसण्यावर त्याने दोन वर्षं काढली. मग डब्याला माणसं दिसायला लागली. एके दिवशी एका नोटरीची बायको आली. दर दोन वर्षांनी ती एव्हारिस्तकडून आपलं तोंड रंगवून घ्यायची. या खेपेला तिने पिशवीतून आरशासारखा चकचकीत पत्रा काढला. त्यावर ती स्वतः होती, राखेच्या रंगाची, डोळे वटारलेली.

"मोस्यू ब्रिदू, आता तासन्‌तास बसायला नको. हे बघा आणि रंगवा."

"मादाम, ज्या डब्याने हे केलंय त्यालाच सांगा रंगवायला," एव्हारिस्त म्हणाला, आणि त्याने दार उघडून धरलं.

त्याला वाटलं, बाई परत येईल. बाई आली नाही, आणि हळूहळू दुसरंही कुणी येईना. पत्र्यांवरच्या गालांना गुलाबी रंग लावायला कसबी हाताचा माणूस हवा म्हणून दोन-तीन फोटोवाले त्याच्याकडे आले. त्याने त्यांना जिन्यावरून खाली जाईपर्यंत शिव्या घातल्या. पुढे तो कोट घालून नुसताच खिडकीशी बसायचा आणि गिऱ्हाइकाची वाट बघायचा. ओर्तांस शेजारणींचे पडदे शिवून चूल पेटवायची. बाप छातीच्या दुखण्याने गेला तेव्हा शेजारी म्हणाले की त्या यंत्राने बिचाऱ्याचा जीव घेतला.

"यंत्राने कशाला? ऐटीने घेतला," ओर्तांस म्हणाली. बापावर तिचा जीव होता, पण त्याच्याबद्दलही तिला तुच्छता वाटायची. ऐटीचं सूप होत नाही, एवढं त्या माणसाला शेवटपर्यंत कळलं नाही. प्रेतयात्रेचा काळा पोशाख अंगावर होता तोवरच ती फ्रेकाँच्या स्टुडिओत काम मागायला गेली.

बार्नाबे फ्रेकाँ आधी केसांचे टोप विकायचा. धंदा बसला तेव्हा त्याने एक कॅमेरा घेतला, मखमलीचं जाकीट शिवलं, गळ्यात सैल रेशमी फडकं बांधलं आणि दारावर पाटी लावली: कलावंत. एवढ्यावर माणूस कलावंत होतो हे ओर्तांसने पहिल्यांदाच पाहिलं. त्याला कॅमेऱ्यामागे उभं राहून डोळे मिटून सुस्कारा टाकायची सवय होती. गिऱ्हाइकांना वाटायचं, प्रतिभा संचारली. ओर्तांसला माहीत होतं की तो मनात सेकंद मोजतोय.

स्टुडिओत प्लॅस्टरचा एक खांब होता, मागे तळ्यातल्या हंसाचा रंगवलेला पडदा होता, आणि मानेमागे धरायचा लोखंडी चिमटा होता, माणूस हलू नये म्हणून. चिमट्यात मान अडकवून, खांबाला कोपर टेकवून, बेलव्हिलचे खाटीक आणि जकातीचे कारकून तळ्याकाठी उभे राहायचे. आयुष्यात ज्यांनी तळं पाहिलं नाही, हंस पाहिला तर तो सोललेला पाहिला, त्यांची ही हौस. मग ते टेबलाशी येऊन ओर्तांसच्या कानात कुजबुजायचे.

"मामझेल, ही मस तेवढी..."

"मामझेल, कंबर जरा आत..."

एक कारकून तर म्हणाला, "मामझेल, छातीवर एक पदक काढता येईल का? मिळणारच आहे मला, पुढेमागे."

ओर्तांस सगळं करून द्यायची. ज्या काचेवरून फोटोच्या प्रती निघतात तिच्यावर सगळं उलटं असतं, काळं ते पांढरं आणि पांढरं ते काळं. दाढी घालवायची तर काचेवर पेन्सिल फिरवायची. दाढी उगवायची तर धारदार सुईने हलकेच खरवडायचं. मस जायची, कंबर आत जायची, हनुवटीखालचा लोळ जायचा. मग ते गिऱ्हाईक प्रत हातात घेऊन बायकोला म्हणायचं, "बघ, यंत्र कधी खोटं बोलत नाही."

एकदा रविवारी गर्दीत एका सुताराची काच हातातून सुटली आणि फुटली. माणूस दुसऱ्या दिवशी प्रत न्यायला आला. फ्रेकाँने बेधडक दुसऱ्याच कुणाचातरी फोटो त्याच्या हातात ठेवला, तेवढीच दाढी, तसाच कोट. ओर्तांस भिंग बाजूला करून बघत राहिली. सुताराने फोटो लांब धरला, जवळ धरला. त्याची बायको म्हणाली, "डोळे अगदी तुमचेच. थोडे दमलेले दिसता." दोघं खूश होऊन गेले. त्या दिवसापासून ओर्तांसने माणसांबद्दल काही आशा ठेवायचं सोडूनच दिलं. स्वतःचं तोंड ज्यांना ओळखता येत नाही, त्यांना दुसरं काय कळणार?

ओर्तांसची खोली स्टुडिओच्याच इमारतीत होती, आणि तिच्या खालच्या मजल्यावर झेली कोकार राहायची. झेली धोबीण होती. कोपरापर्यंत लाल झालेले हात, पुढच्या दोन दातांत फट, आणि आवाज असा की नदीवर हाक मारली तर चढावर ऐकू यावी. ओर्तांसला ती "रंगारीण" म्हणायची. ओर्तांस तिला काहीच म्हणायची नाही, पण तिचं दार वाजलं की उघडायची. दुसऱ्या कुणासाठी ती उठायचीसुद्धा नाही.

सत्तर साली प्रशियनांनी पॅरिसला वेढा घातला त्या हिवाळ्यात फ्रेकाँने स्टुडिओ बंद केला. लोक घोडे खात होते, मग मांजरं खायला लागले. झेली वर आली, हातात झाकलेलं भांडं.

"खा, रंगारणी."

"कशाचं आहे?"

"विचारू नकोस. पळत होतं, आता पळत नाही."

दोघींनी ते खाल्लं. झेलीचा पाय मुरगळला तेव्हा ओर्तांसने तिच्याकडचे धुण्याचे कपडे पिळून दिले, तेही तोंड वाकडं करून. कुणाचे कपडे किती मळलेले हे त्या हिवाळ्यात तिला कळलं, आणि फोटोतल्या कडक कॉलरांबद्दल तिला आणखीच हसू यायला लागलं.

मार्चमध्ये सरकार व्हर्सायला पळालं आणि शहराने कारभार आपल्या हातात घेतला. त्या कारभाराला नाव पडलं कम्यून. आमच्या चढावर लाल निशाणं लागली, फरसबंदीचे दगड उखडून रस्त्यात तटबंद्या उभ्या राहिल्या, आणि फ्रेकाँची चांदी झाली. बंदूक हातात आलेल्या प्रत्येकाला फोटो हवा होता. प्लॅस्टरचा खांब आणि हंस कोपऱ्यात गेले; फ्रेकाँ तिवई खांद्यावर घेऊन रस्त्यावर उतरला. जाकीट तेच, फडकं मात्र लाल.

मोठ्या तटबंदीचा फोटो काढला त्या दिवशी ओर्तांसही सोबत होती. वीस-पंचवीस माणसं दगडांवर चढून बसली होती. सगळ्यांत पुढे, कोटात हात खुपसून, कोपऱ्यावरचा पाववाला इझिदोर पोमाँ. या माणसाने बंदूक फक्त भिंतीला टेकवलेली पाहिली होती. पहाऱ्याची पाळी आली की त्याच्या पोटात दुखायचं. पण फोटोला तो सेनापतीला कोपराने सारून पुढे आला होता.

"नागरिकहो, हलू नका!" फ्रेकाँ ओरडला. "क्रांती जरा दम धरून!"

आणि तिथेच, तोफेच्या तोंडाशी, कमरेला लाल पट्टा, खांद्यावर ब्रँडीचं पिंप, झेली उभी होती. ती पलटणीबरोबर दारूपाणी घेऊन फिरायची. ओर्तांस तिच्याजवळ गेली.

"उतर खाली."

"का ग?"

"उद्या हे सगळं उलटलं तर? चेहरा काय असा रस्त्यावर वाटायला ठेवतात?"

झेली हसली, दातांतली फट दिसेल इतकी. "ओर्तांस, भिंतीवर आजवर कोण टांगलेलं पाहिलंस तू? राजे, सेनापती आणि तुझ्या बापाच्या नोटरीणबाई. आता एक धोबीण टांगली जाऊ दे की. तू पण ये, उभी राहा माझ्या शेजारी."

"मला अक्कल आहे," ओर्तांस म्हणाली आणि बाजूला झाली.

फ्रेकाँने डोळे मिटून सुस्कारा टाकला. सगळे दगडासारखे थांबले. ओर्तांसला ते सगळं खाटकाच्या तळ्याकाठच्या ऐटीसारखंच वाटलं, फक्त इथे मानेला चिमटा नव्हता.

मे महिन्यात व्हर्सायची फौज शहरात घुसली. त्या आठवड्याबद्दल आमच्याकडची जुनी माणसं फार बोलत नाहीत. शहर जळत होतं, राखेची भुरभुर आमच्या चढापर्यंत यायची, आणि सगळ्यांत शेवटी लढाई आमच्याच गल्ल्यांत येऊन संपली. ज्यांच्या हाताला बंदुकीच्या दारूचा वास आला त्यांना भिंतीशी उभं केलं. फ्रेकाँ अंधाऱ्या खोलीत लपून बसला होता. बाहेर येण्याआधी त्याने उरलेल्या सगळ्या प्रती शेगडीत घातल्या, लाल फडकं त्यांच्यावर टाकलं आणि खिडकीत सरकारचं तिरंगी निशाण लावलं. लोकांनीही आपापल्या घरातल्या प्रती जाळल्या. काचा मात्र जळत नाहीत. फोडायच्या म्हटलं तर आवाज होतो, आणि फ्रेकाँची तेवढीही छाती नव्हती.

पंधरा दिवसांनी पोलिसांचा अधिकारी जिना चढून आला. नाव होतं व्हितू. नीटनेटका, थकलेला, पायाला बूट चावणारा माणूस. त्याने विचारलं, "तुम्ही तटबंदीचे फोटो काढत होता म्हणे?"

फ्रेकाँचे ओठ पांढरे पडले. मग त्याच्या लक्षात आलं की साहेब त्याला धरायला आलेला नाही, मागायला आलाय. बघता बघता त्याच्या तोंडावर रंग चढला.

"काढले, साहेब! जिवावर उदार होऊन काढले! कायद्याला कधीतरी उपयोग होईल म्हणूनच तर!"

त्याने काच आणून दाखवली. व्हितूने ती उजेडाला धरली. "तोंडं फार बारीक आहेत. पुसटही आहेत."

"आमची मामझेल उजळून देईल. तिच्यासारखा हात अख्ख्या पॅरिसात नाही. साहेब, एक विनंती... तुरुंगातल्या कैद्यांचे फोटो काढायचं काम कुणाला द्यायचं, ते ठरलंय का हो?"

व्हितू म्हणाला, बघू. तो गेल्यावर फ्रेकाँने काच ओर्तांसच्या टेबलावर ठेवली.

"प्रत्येक तोंड खणखणीत दिसलं पाहिजे, मामझेल. आपलं नशीब आहे या काचेत."

"खणखणीत दिसेल," ओर्तांस म्हणाली.

तिने भिंग डोळ्याला लावलं. मसुराच्या दाण्याएवढी तोंडं होती. दुसऱ्या कुणाला तिथे हात घालता आला नसता. पण तिच्या बापाने तिला याहून लहान माणसं रंगवायला शिकवलं होतं. ती एकेकाकडे बघत राहिली. या मूर्खांबद्दल तिला काय वाटत होतं? काही नाही. हौसेने मरणाच्या यादीत उभे राहिलेले लोक. निम्मे तर आधीच खड्ड्यात गेले होते. उरलेले तळघरांत, माळ्यांवर, मावश्यांच्या पलंगाखाली. पण आपण वीस वर्षं खाटकांच्या हनुवट्या घासल्या, आणि आता आपल्याच हाताने ही तोंडं उजळून गोळीबाराच्या भिंतीपुढे न्यायची? तेही फ्रेकाँला काम मिळावं म्हणून? एवढी खालची पायरी तिला मंजूर नव्हती.

तिने दिवसाढवळ्या, फ्रेकाँच्या डोळ्यांसमोर काम केलं. लपवायची गरजच पडली नाही. पहिला हाताला आला तो पाववाला इझिदोर. त्याच्या टोकदार नाकाच्या दोन्ही बाजूंना तिने पेन्सिल फिरवली, खाली सावली खरवडली. नाक बटाट्यासारखं झालं. दाढीवाल्यांच्या दाढ्या घालवल्या, सफाचट गालांवर दाढ्या उगवल्या. वाळक्याला गाल दिले, गोलमटोलाची हाडं वर काढली. एक सार्जंट तिला कधीच आवडला नव्हता, उगाच बायकांना धक्के मारायचा. त्याला तिने तिरळा केला. तो आधीच मेला होता आणि हे तिला माहीत होतं, पण राग होता तो होताच.

झेलीपाशी येऊन मात्र ब्रश थांबला. मसुराएवढ्या तोंडातसुद्धा ती फट दिसत होती. ओर्तांसने खिडकीबाहेर बघितलं, पाणी प्यायलं, ब्रश पुन्हा धुतला. मग तिने फट बुजवली, जबडा निमुळता केला, भुवया धनुष्यासारख्या केल्या, ओठ चेरीएवढे. बाप जे तोंड प्रत्येक नोटरीच्या बायकोला विकायचा तेच गरीब गाईचं तोंड तिने झेलीच्या मानेवर बसवलं. काम उत्तम झालं. एवढं चांगलं काम हातून झाल्याचा तिला फार वेळ संताप होता.

फ्रेकाँने काच उजेडाला धरली. "वा! काय स्पष्ट! मिशीचा केस न्‌ केस मोजून घ्या!" ती मिशी कुणाची, हे त्याने पाहिलं नाही. तीन महिन्यांपूर्वी याच माणसांना त्याने 'नागरिकहो' म्हणून हाका मारल्या होत्या; त्यातलं एकही तोंड त्याला आठवत नव्हतं.

पुढच्या आठवड्यात कुणीतरी चुगली केली आणि इझिदोरला पिठाच्या पोत्यांमागून ओढून काढलं. व्हितूने त्याला उजेडात उभं केलं आणि शेजारी फोटो धरला.

"तू तटबंदीवर होतास असं सांगतात."

"मी? साहेब, मी पाव भाजतो."

व्हितूने फोटोतल्या प्रत्येकाशी त्याचं तोंड ताडून पाहिलं. चुगलीखोर शपथ घेऊन सांगत होता की पुढचा हाच. व्हितू वैतागून म्हणाला, "अरे, नाक बघ! तुझं ऐकू का यंत्राचं?" आणि इझिदोरला सोडून दिलं.

दोन दिवसांनी इझिदोर कागदात गुंडाळलेला ब्रियोश, लोण्याचा गोड पाव, घेऊन ओर्तांसच्या दारात उभा राहिला. जिन्यात कुणी नाही असं बघून तो आत आला.

"मामझेल, हे तुमचंच काम. मी ओळखलं. देव तुमचं भलं करो."

"माझं कसलं काम? ब्रियोश ठेव आणि जा."

तो जाईना. टोपी हातात फिरवत राहिला. "एक म्हणायचं होतं. साहेबांनी फोटो दाखवला मला. बाकी सगळं ठीक. पण ते नाक, मामझेल... फारच केलंत हो. एवढं कशाला? माझ्या बायकोने बघितलं असतं तर!" मग आवाज खाली आणून तो म्हणाला, "मूळची काच खरवडून परत पहिल्यासारखी करता येते का? म्हणजे पुढेमागे, वातावरण निवळलं की, एक प्रत..."

ओर्तांसने ब्रियोश उचलला, त्याच्या छातीवर आदळला आणि दार लावून घेतलं. तिला स्वतःचाच राग आला. या प्राण्यासाठी आपण मान धोक्यात घातली.

त्यापेक्षा वाईट पुढेच होतं. ते बटाट्याएवढं नाक तिने मनानेच काढलं होतं, पण देवाने ते आधीच एकाला दिलेलं निघालं. ला व्हिलेत वस्तीतल्या एका आतडी विकणाऱ्याला पोलिसांनी फोटो बघून धरलं. तो बिचारा त्या वसंतात शहरातच नव्हता, गावी भावाकडे होता. भाऊ आणि गावचा पाद्री येऊन साक्ष देईपर्यंत त्याला कोठडीत सडावं लागलं. ओर्तांसला हे फ्रेकाँकडून कळलं. मसुराएवढ्या तोंडामागेही एक माणूस असतो, हे तिला कुणी शिकवलं नव्हतं. त्यानंतर ती दर शनिवारी पायपीट करून त्याच्याकडून आतडी घ्यायची. तिला आतडी बघवायची नाहीत. ती जिन्याखालच्या कुत्र्याला घालायची.

आणि झेली? झेली त्या काचेमुळे सापडली नाही. बुलेव्हारवरच्या एका दुकानाच्या काचेआड कुणा भलत्याच फोटोवाल्याचा फोटो विकायला लावला होता: "कम्यूनच्या रणरागिणी". त्यात झेली एकटी, मोठी, स्वच्छ, दातांतली फट दाखवत हसणारी. तिने तीन वेगवेगळ्या फोटोवाल्यांपुढे उभं राहून हौस भागवून घेतली होती. व्हितूने तो फोटो तिच्यापुढे ठेवला आणि विचारलं, ही तू का?

"हो तर," झेली म्हणाली. "छान आलेय ना?"

ओर्तांस व्हर्सायच्या तुरुंगात तिला भेटायला गेली. जाळीपलीकडे गर्दी होती, बायका एकमेकींवर ओरडून बोलत होत्या. झेली वाळली होती, पण आवाज तसाच.

"रंगारीण आली! साबण आणलास?"

"आणलाय. तुला लाज वाटते का ग? मी वाचवलं होतं तुला. बोटं मोडेपर्यंत बसून वाचवलं. आणि तू तीन तीन ठिकाणी दात काढून उभी राहिलीस!"

"वाचवलं म्हणजे?"

ओर्तांसने पहारेकरणीकडे बघून हळूच सांगितलं. झेलीचं हसू गेलं.

"माझं तोंड पुसलंस? आणि कुणाचं लावलंस?"

"नोटरीच्या बायकोचं."

"त्या गाईचं?" झेली जाळीला चिकटून म्हणाली. "ओर्तांस, आयुष्यात एकदा मी काहीतरी केलं. ते मी केलं. कपडे धुवून घेणाऱ्या त्या बाईने नाही केलं. तिच्या तोंडाने मला नको ग वाचवूस."

"मग मर!" ओर्तांस ओरडली. पहारेकरीण वळून बघायला लागली.

"मरत नाही," झेली म्हणाली. "साबण दे इकडे."

तिला शिक्षा म्हणून समुद्रापार न्यू कॅलिडोनियाला पाठवलं. घरी परतताना ओर्तांस वाटभर तिला शिव्या देत होती. पुलावर थांबून तिने डोळे पुसले आणि पुन्हा सुरू केलं.

फ्रेकाँला कैद्यांच्या फोटोंचं काम मिळालं नाही. त्याच्या काचेवरून एकही माणूस ओळखता आला नाही म्हणून व्हितूने त्याला भिकार कारागीर म्हटलं. फ्रेकाँने हा अपमान कलावंताच्या नशिबाचा भाग मानला आणि पुन्हा हंसाचा पडदा बाहेर काढला. जे खाटीक शपथेवर सांगत होते की आम्ही कधी कम्यूनच्या वाऱ्यालाही उभे राहिलो नाही, ते तळ्याकाठी उभे राहायला लागले. ओर्तांस त्यांच्या हनुवट्या घासत राहिली. नऊ वर्षं गेली. फोटोच्या काचा आता कोरड्या, तयार मिळायला लागल्या, फोटो झटकन निघायला लागला, चिमटा अडगळीत गेला, फ्रेकाँचा जावई गल्ल्यावर बसायला लागला. ओर्तांसची नजर मंद झाली आणि जीभ अधिक धारदार.

ऐंशी साली कम्यूनवाल्यांना माफी मिळाल्यावर झेली परत आली. पाच जिने थांबत थांबत चढून ती थेट स्टुडिओच्या दारात उभी राहिली. तोंड उन्हाने रापून चामड्यासारखं झालेलं, केस पांढरे, पुढचे चारही दात गेलेले. ओर्तांस खुर्चीतून उठली आणि परत बसली.

"आलीस? बोट बुडाली नाही?"

"खूप प्रयत्न केला तिने," झेली म्हणाली. "बरं, ऐक. माझा एक फोटो काढ."

"तुझी हौस अजून फिटली नाही?"

"नाही. काढतेस का जाऊ दुसरीकडे?"

जावयाने फोटो काढला. क्षणात झाला, झेलीला पटेचना. ओर्तांसने काच टेबलावर घेतली, भिंग लावलं आणि खेकसली, "सुरकुत्या?"

"राहू दे. सरकारी खर्चाने मिळाल्यात."

"डोळ्याखालचं काळं?"

"तेही राहू दे." मग झेली जरा जवळ सरकली. "दात तेवढे घाल."

ओर्तांसने भिंग खाली ठेवलं. "तुरुंगात मोठी तोंड वर करून सांगत होतीस, माझं तोंड माझंच राहू दे म्हणून!"

"तेव्हा दात होते, बये."

ओर्तांसने दात घातले. वरचे चार, मधे फट ठेवून. दोन दिवस लागले, डोळ्यांतून पाणी यायचं. प्रत बघून झेली म्हणाली की फट जरा रुंद झालीय. ओर्तांसने तिला चालती हो म्हणून सांगितलं.

झेलीने तो फोटो आपल्या खोलीत, कपड्यांच्या उकळत्या हंड्यावर टांगला. ओर्तांसने हजारदा सांगितलं की वाफेने खराब होईल, पण तिला तीच जागा हवी होती. दोनच वर्षांत फोटोवर पिवळे डाग पडले, कडा वर आल्या. तोवर ओर्तांसला दिसेनासं झालं होतं आणि स्टुडिओतलं काम सुटलं होतं. ती दिवसभर खाली झेलीच्या खोलीत बसायची, हाताला लागतील तेवढ्या चादरींच्या घड्या घालायची, आणि जिन्यावरून फोटो काढून उतरणाऱ्या माणसांची पावलं ऐकून झेलीला सांगायची की हा एक गाढव गेला, ही एक गाढवीण.